फोटोत आलेलं पाणी

दुपारी रस्ता उघड्या माळावरून सरळसोट चालला होता आणि पुढे डांबरावर पाणी चकाकत होतं. मागच्या सीटवरून लेकीनं त्याचा फोटो काढला. तिथवर पोचलो तर रस्ता कोरडा ठाक.

"बाबा, तो भास होता ना? मग फोटोत कसा आला?"

प्रश्न इतका नेमका होता की मी गाडी कडेला घेतली. तापलेल्या रस्त्यालगतची हवा वरच्या हवेपेक्षा गरम, म्हणून विरळ असते. आभाळातून तिरका येणारा प्रकाश त्या थरांतून वळत वळत पुन्हा वर आपल्या डोळ्यांकडे येतो. रस्त्यावर दिसतो तो आभाळाचा तुकडा. प्रकाश खरोखरच त्या दिशेनं येतो, तेव्हा कॅमेराही तेच टिपणार.

"म्हणजे दिसलं ते खरंच होतं. पाणी आपण म्हटलं." यात भर घालण्यासारखं माझ्याकडे काही नव्हतं.

संध्याकाळी समुद्रावर पोचलो. सूर्य पाण्याला टेकला तेव्हा मी तिला सांगितलं, की तो खरं तर आधीच क्षितिजाखाली गेलाय. वातावरण त्याचा प्रकाश जवळजवळ अर्धा अंश वाकवतं आणि आभाळात सूर्याची रुंदीही साधारण तेवढीच. शिवाय हा प्रकाश तिथून निघून 8 मिनिटं 20 सेकंद झालेली. तिनं त्याचाही फोटो काढला, आणि कॅमेऱ्यावरचा तिचा विश्वास थोडा डळमळला.

पौर्णिमा होती. पाठीमागे डोंगरावर चंद्र आला, केवढा तरी मोठा! फोटोत मात्र एवढासा ठिपका. मग हात लांब करून तिनं करंगळीनं तो झाकला. रात्री चंद्र डोक्यावर आल्यावर पुन्हा तसंच केलं, तर तीच करंगळी पुरली. उलट क्षितिजावर असताना तो आपल्यापासून सुमारे 6,400 किलोमीटर जास्त लांब असतो, म्हणजे किंचित लहानच दिसायला हवा. तरी मोठा का वाटतो, यावर शास्त्रज्ञांचं अजून एकमत नाही. हे ऐकून ती खूश झाली. मला तिचं ते खूश होणं फार आवडलं.

"पण कळलं तरी उद्या मोठाच वाटणार ना?"

"वाटणारच."

"आणि तुला वाटला तेवढाच मला वाटला का?"

दोघांनी हात पसरून आपापला चंद्र दाखवला. माप जुळलं नाही.

"उद्या आईलाही विचारू," ती म्हणाली.