संबोधन

सोमवार, रात्रीचे पावणेदोन

आई झोपली आहे. साधी, रोजची झोप. मधूनच घोरतेय, एकदा कूस बदलायला गेली आणि टाके ओढले म्हणून कण्हली. सकाळपासून झोप या शब्दाचीच मला धास्ती बसली होती, म्हणून हे लिहून ठेवतेय.

पित्ताशयातल्या खड्यांचं ऑपरेशन. दुर्बिणीतून करणार होते, पण पूर्ण भूल द्यावी लागेल म्हणाले. पोटाला छिद्रं पाडणार याचं आईला काही वाटलं नाही. भूल म्हटल्यावर मात्र चेहरा उतरला. "आणि जाग नाही आली तर?" एकदाच विचारलं, तेही माझ्याकडे न बघता, पिशवीत टॉवेल भरता भरता.

आज तिला आत नेल्यावर बाहेरच्या बाकावर बसले. हातात तिचं मंगळसूत्र आणि बांगड्या, रुमालात बांधलेल्या. देवाचं नाव घ्यावं म्हटलं तर डोक्यात आलं प्रस्वापास्त्र.

लहानपणी वीज गेली की आई महाभारत सांगायची. त्यातलं हे माझं सगळ्यात लाडकं अस्त्र, कारण ते कुणाला मारत नाही, नुसतं झोपवतं. आणि ते भीष्मांना आठवतं तेही झोपेतच! उद्योगपर्वात, अंबेच्या कथेत. गुरू परशुराम आणि शिष्य भीष्म कुरुक्षेत्रावर दिवसामागून दिवस लढताहेत, कुणी हटत नाही. भीष्म थकून उजव्या कुशीवर झोपतात आणि स्वप्नात आठ ब्राह्मण त्यांच्याभोवती उभे राहतात. म्हणतात, भिऊ नकोस, तू आमचंच शरीर आहेस. विश्वकर्म्याने घडवलेलं प्रस्वाप नावाचं एक अस्त्र आहे, ते पूर्वजन्मी तुला येत होतं. परशुरामांना ते ठाऊक नाही. त्याने ते मरणार नाहीत, फक्त झोपतील. आणि मग संबोधन अस्त्राने तूच त्यांना उठव.

पुढे भीष्म ते सोडणार, एवढ्यात देव आणि नारद अडवतात, गुरूचा असा अपमान करू नकोस म्हणून. अस्त्र मागे घेतलं जातं. २३ दिवसांचं ते युद्ध संपतं, परशुराम हार मानतात. मला तेव्हा हुरहूर लागायची. संबोधन अस्त्र कसं असतं ते बघायचं राहूनच गेलं!

विराटपर्वातही असंच आहे. अर्जुन संमोहनास्त्राने सगळ्या कौरवसेनेची शुद्ध हरपवतो आणि विराटाच्या मुलाला, उत्तराला, त्याच्या बहिणीच्या बाहुल्यांसाठी वस्त्रं काढून आणायला पाठवतो. द्रोण आणि कृप यांची पांढरी, कर्णाचं पिवळं, अश्वत्थामा आणि दुर्योधनाची निळी. भीष्मांच्या वाटेला मात्र जाऊ नकोस म्हणतो. त्यांची शुद्ध गेलेली नाही, या अस्त्रावरचा उतारा त्यांना येतो. आई हे रंग चुकूनही इकडचे तिकडे करायची नाही.

उतारा. काल संध्याकाळी भूलतज्ज्ञ तिला तपासायला आले, तेव्हा त्यांनी हेच समजावलं होतं, त्यांच्या भाषेत. भूल म्हणजे झोप नाही, झोपलेल्या माणसाला चिमटा काढला तर तो उठतो. आम्ही सगळा वेळ तुमच्या उशाशी असणार, तुमचा श्वास, नाडी, रक्तदाब बघत. काम झालं की गॅस बंद करायचा, स्नायू सैल पाडायला दिलेल्या औषधाचा परिणाम उतरवायला दुसरं औषध द्यायचं, आणि मग हाका मारायच्या. डोळे उघडा, मान उचला म्हणायचं. ते जमलं की आमचा जीव भांड्यात.

मग त्यांनी विचारलं, "तुम्हाला काय म्हणून हाक मारतात?"

फाइलवर तिचं पूर्ण नाव होतं, ते त्यांच्या हातातच होतं. आई म्हणाली, "बाई. अख्खं गाव बाईच म्हणतं." त्यांनी ते कागदाच्या कोपऱ्यात लिहून घेतलं. मी पाहिलं.

चौतीस वर्षं मराठी शिकवलं तिने. आठवी विभक्ती संबोधन. 'मुलांनो'तल्या 'नो'वर कुणी अनुस्वार दिला की तिचा लाल पेन चालायचाच. एकाच शब्दाचे हे दोन अर्थ, हाक मारणं आणि जागं करणं, इतकी वर्षं माझ्यासमोर होते आणि मला ते त्या बाकावर बसल्यावर एकत्र दिसले. रडू आलं. शेजारच्या काकूंना वाटलं काही वाईट कळलं, त्यांनी पाण्याची बाटली पुढे केली.

दुपारी वॉर्डात आणल्यावर आईचा घसा बसला होता. हळूहळू म्हणाली, "अगं, मी शाळेच्या पडवीत होते. ऊन छान होतं. कुणीतरी बाई, बाई करत होतं. म्हटलं, कोण पोरगं उभं आहे दाराशी, बघावं." डोळे उघडले तर वर मोठे दिवे आणि मास्क लावलेला तो डॉक्टर.

"त्याला म्हटलं, ये रे आत."

आता शेजारच्या खाटेवरच्या आजींचं सलाइन संपत आलंय, सिस्टरांना सांगून येते. सहा वाजता त्या आईचा बीपी घ्यायला येतील. तोवर तिला कुणी हाक मारू नये.