मेनू जर्मनमध्ये असला तरी अडत नाही

परदेशात नोकरीला लागलं की ऑफिसचा लॅपटॉप हातात पडतो तो तिथल्याच भाषेतला. माझ्याकडचा जर्मनमध्ये आहे. मेनू जर्मन, सेटिंग्ज जर्मन, कीबोर्डवर वाय आणि झेड एकमेकांच्या जागेवर. विंडोजची भाषा बदलायची तर आयटीवाल्यांकडे अर्ज करा. त्यापेक्षा मेनूत शिरायचंच नाही, नाव टाइप करायचं आणि एंटर मारायचा, ही सवय मला जास्त सोयीची वाटते.

सुरुवातीला काही इन्स्टॉलही करावं लागत नाही. कीबोर्डवरची विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबली की एक छोटी चौकट येते. विंडोज कुठल्याही भाषेत असलं तरी आतल्या प्रोग्रामच्या फाइलचं नाव बदलत नाही. म्हणून ‘कंट्रोल’चं स्पेलिंग टाइप केलं की कंट्रोल पॅनल, ‘टास्कएमजीआर’ टाइप केलं की टास्क मॅनेजर. नको असलेले प्रोग्राम काढायचे असतील तर ‘ॲपविझ डॉट सीपीएल’. (यात झेड येतो, म्हणजे बोट हमखास भलत्या बटणावर पडणार.)

याच्या पुढची पायरी म्हणजे लाँचर, नाव टाइप केलं की ॲप उघडून देणारा प्रोग्राम. मायक्रोसॉफ्टच्याच पॉवरटॉइज या मोफत साधनसंचात एक मिळतो: ऑल्ट आणि स्पेस दाबा, दोन-तीन अक्षरं टाइप करा, ॲप समोर. नेहमी काय उघडता ते लक्षात ठेवून तेच वर आणतो. मॅकवर कमांड-स्पेसने उघडणारं स्पॉटलाइट २००५ पासून आहे. त्याच्याही आधी क्विकसिल्व्हर होतं, पुढे २०१० मध्ये अल्फ्रेड आलं आणि २०२० मध्ये रेकास्ट. स्पॉटलाइटमध्येच युरोचे रुपये किंवा मैलांचे किलोमीटर होतात. रेकास्टला दुसऱ्या शहरातली वेळ विचारता येते. घरी फोन लावण्याआधी मी तेवढं बघते.

यात सेकंद वाचतात हे खरं, पण त्या सेकंदांचं मला फारसं कौतुक नाही. एखादं ॲप शोधायला गेलं की वाटेत न वाचलेल्या मेलचा आकडा दिसतो, कालची अर्धवट फाइल दिसते, आणि आलो कशाला होतो तेच विसरतं. लाँचरमध्ये ती वाटच लागत नाही.

फोनवर तर हे जास्तच जाणवतं. परदेशी राहणाऱ्याच्या फोनमध्ये सगळं दुप्पट असतं: दोन देशांच्या बँका, दोन्हीकडची रेल्वे, विमा, सरकारी कामाची ॲप्स. फोल्डर करत बसण्यात अर्थ नाही. आयफोनवर होम स्क्रीनच्या मध्यावरून बोट खाली ओढा, शोधपट्टी येते. अँड्रॉइडवर अख्खी होम स्क्रीनच बदलता येते. किस हा ओपन सोर्स (म्हणजे कोड सगळ्यांना खुला असलेला) लाँचर सगळं शोधूनच उघडतो. नायगारा या दुसऱ्या लाँचरमध्ये नावांची यादी असते आणि कडेच्या अक्षरांवरून अंगठा फिरवला की हवं ते सापडतं. गर्दीच्या गाडीत एका हाताने दांडा धरलेला असताना याची किंमत कळते. मात्र होम स्क्रीन ताब्यात घेणाऱ्या ॲपला तुमच्या फोनवर काय काय आहे ते सगळं कळतं, त्यामुळे दिसला लाँचर की टाक फोनवर, असं करू नका. थीम आणि प्लगिन (लाँचरला जोडायच्या जास्तीच्या सोयी) जमवत बसलात तर वाचलेला वेळ तिथेच जाणार, हेही आहेच.

आणि एक अडचण खास आपल्यासारख्यांची. कॉम्प्युटरवर मराठी कीबोर्ड चालू राहिला असेल तर लाँचरच्या पट्टीत देवनागरी उमटते आणि काहीच सापडत नाही. विंडोजवर विंडोज-स्पेसने भाषा बदलून घ्यावी लागते. अल्फ्रेडमध्ये मात्र पट्टी उघडल्यावर कुठला कीबोर्ड चालू व्हावा हे सेटिंग्जमध्ये एकदाच ठरवून ठेवता येतं. फोनवर नेमकं उलटं होतं: आई, मावशी, काका अशी नावं देवनागरीत सेव्ह केली असतील तर ती सहसा मराठी कीबोर्डवरूनच सापडतात. मी नावापुढे रोमन लिपीत एक छोटं टोपणनावही घालून ठेवलंय.