गेम अडकला की थेट पॉवर बटण नको
आज फोंड्यात दिवसभर पाऊस. पोरं घरात, कॉम्प्युटर चालू, आणि सगळीकडून एकच विचारणा: गेम अडकलाय, काय करू?

आधी थोडं थांबा. विंडो पाच सेकंद दाद देत नसली की विंडोज तिला 'नॉट रिस्पॉन्डिंग' म्हणतं, पण गेम कधीकधी नुसता लोड होत असतो. मग अल्ट आणि एफ४. नाहीच बंद झाला तर कंट्रोल, शिफ्ट, एस्केप एकत्र दाबून टास्क मॅनेजर (चालू प्रोग्राम दाखवणारी आणि बंद करू देणारी विंडो) उघडा.

खरी पंचाईत इथेच होते. टास्क मॅनेजर उघडतो, पण फुल स्क्रीन गेमच्या मागे दडून राहतो. अशा वेळी विंडोज, कंट्रोल आणि डी एकत्र दाबा. नवा, मोकळा डेस्कटॉप येतो. तिथे टास्क मॅनेजर उघडून गेमवर 'एंड टास्क' करा. टास्क मॅनेजरच्या सेटिंगमध्ये 'ऑलवेज ऑन टॉप' आजच लावून ठेवा, पुढची धावपळ वाचेल.

माउसचा बाणही हलत नसेल, कॅप्स लॉकचा दिवाही बदलत नसेल, तरच पॉवर बटण दाबून धरा. सेव्ह होत असताना वीज तोडली तर सेव्ह फाइल खराब होऊ शकते, आणि पोरांची सगळी मेहनत पाण्यात जाते.