तुम्ही विचारलंत म्हणून: चिपवाले केमिकल घेतात कसं?

तारापूर, महाड, लोटे, कुठलाही कारखानदार भेटला की हा प्रश्न ठरलेला. "आमचं आयपीए (आयसोप्रोपिल अल्कोहोल) औषध कंपन्या डोळे मिटून घेतात. ९९.९ टक्के शुद्ध. भावात आम्हाला कुणी हरवणार नाही. मग चिपवाले का घेत नाहीत?" मी सिंगापूरच्या एका फॅबमध्ये, म्हणजे चिप बनवायच्या कारखान्यात, केमिकलची क्वालिटी बघायचो, म्हणून मला विचारतात.

मागे एक गृहस्थ तर नमुना घेऊनच घरी आले. काचेची लखलखीत बाटली, बूच घट्ट, वर छापील लेबल. मी ती उघडलीच नाही. काचेतून सोडियम आणि बोरॉन पाझरतात. म्हणजे तपासायला दिली तर रिपोर्ट काचेचाच यायचा. फॅबमध्ये नमुना घेतात तो पीएफए प्लॅस्टिकच्या बाटलीत, आणि तीही आधी ॲसिडमध्ये मुरवून घेतलेली. सोडियम ट्रान्झिस्टरच्या, म्हणजे चिपमधल्या इवल्याशा स्विचच्या, ऑक्साइडच्या थरात शिरलं की तिथे सरकत राहतं आणि स्विच नको त्या व्होल्टेजला चालू होतो.

९९.९ वर तर आमची मोजणीही सुरू होत नाही. आम्ही धातू मोजतो ते पीपीटीत, म्हणजे एक लाख कोटी भागांत एक. कोयना धरण काठोकाठ भरलेलं असताना त्यात तीन किलो मीठ विरघळवा. तेवढं.

आणि एवढं शुद्ध जमलं, तरी ती नुसती दाराशी ओळख. आधी लॅब, मग कोऱ्या वेफरवर (चिप जिच्यावर घडवतात ती सिलिकॉनची चकती) चाचणी, मग एकाच मशीनवर खरा माल, मग महिनोन् महिने यील्डची, म्हणजे किती चिप चांगल्या निघतात त्याची, तुलना. वर्ष सहज जातं. पास झालात की एकच अट: आम्हाला विचारल्याशिवाय काहीही बदलायचं नाही. फिल्टर नाही, कच्च्या मालाचा पुरवठादार नाही, झाकणसुद्धा नाही. आमच्या एका पुरवठादाराने ड्रमच्या झाकणाचं गॅस्केट बदललं. "तेच मटेरियल हो, फक्त दुसरीकडून घेतलं." वेफरवरचे कण वाढले आणि आम्ही तीन आठवडे भलतीकडेच शोधत बसलो. त्याचे वाचले असतील दोन-चार डॉलर.

भाव मागे पडतो तो यामुळे. २०१९ च्या सुरुवातीला टीएसएमसी या तैवानच्या चिप कंपनीच्या तैनानमधल्या फॅबमध्ये फोटोरेझिस्टचा (वेफरवर नक्षी उमटवायच्या प्रकाशसंवेदी रसायनाचा) एक बिघडलेला लॉट वापरला गेला. त्यातल्या एका घटकावर नीट प्रक्रिया झाली नव्हती. वेफर भंगारात गेले आणि त्या तिमाहीची सुमारे ५५ कोटी डॉलरची विक्री बुडाली. ज्याच्या चुकीची किंमत ही, त्याच्याशी लिटरमागे किती घासाघीस करणार?

नव्याला दार उघडतं ते बहुधा भीतीपोटी. २०१९ च्याच जुलैमध्ये जपानने दक्षिण कोरियाला जाणाऱ्या तीन मालांवर निर्यातीचे निर्बंध कडक केले. त्यात फोटोरेझिस्ट होतं, हायड्रोजन फ्लोराइडही होतं. एरवी ज्यांना कुणी भेटीची वेळ दिली नसती, अशा देशी पुरवठादारांचे नमुने कोरियातले चिपवाले घाईघाईने तपासू लागले. दुसरा पुरवठादार हवा हे सगळेच जाणतात. पण त्याला तयार करायचं तर वर्षभर मशीन आणि माणसं अडकतात, म्हणून पहिला अडेपर्यंत ते पुढे ढकललं जातं.

हे सगळं ऐकून ते गृहस्थ म्हणाले, "मग भाव सांगू की नको?"

म्हटलं, भाव राहू द्या. ड्रम कोण धुतं?

"ते बाहेरून धुऊन येतात," म्हणाले, आणि बाटली पिशवीत ठेवू लागले.