त्वष्ट्याचा आवाज

वृत्रासुर इंद्राच्या वज्राने मेला, हे सगळ्यांना ठाऊक असतं. व्याकरणवाल्यांना विचारलंत तर ते सांगतील की त्याचं मरण जन्माच्या क्षणीच ठरलं होतं, एका स्वराने, म्हणजे शब्द म्हणताना सूर कुठे चढला त्याने.

गोष्ट यजुर्वेदाच्या तैत्तिरीय संहितेत आहे. देवांचा कारागीर त्वष्टा, त्याचा तीन डोक्यांचा मुलगा विश्वरूप. त्याला इंद्राने मारलं. मग त्वष्ट्याने सोमयाग केला, तो इंद्राला वगळून. इंद्र जबरदस्तीने आला आणि सोम पिऊन गेला. उरलेला सोम बापाने अग्नीत ओतला आणि म्हणाला, 'स्वाहा! इन्द्रशत्रुर्वर्धस्व', म्हणजे 'इन्द्रशत्रू, तू वाढ.' त्यातून वृत्र उठला. चारी बाजूंनी बाण जाईल तेवढा, मग पुन्हा तेवढा, असा वाढत गेला. त्वष्ट्याने मागितलं होतं तसंच. मात्र शेवटी मारला गेला तोच.

मी नववी-दहावीला संस्कृत शिकवते. समास आला की 'इन्द्रशत्रुः' हा शब्द फळ्यावर लिहिल्याशिवाय मला राहवत नाही. आधी साधा लिहिते, मग दोनदा स्वरचिन्हांसह. पहिल्यात इ, न्द्र आणि श या तिघांच्याही खाली आडवी रेघ, म्हणजे उदात्त, चढा सूर, शेवटच्या 'त्रुः'वर. हा तत्पुरुष, इंद्राचा शत्रू, म्हणजे त्याला मारणारा. दुसऱ्यात रेघच नाही, फक्त 'न्द्र'च्या डोक्यावर एक उभी खूण, म्हणजे उदात्त पहिल्याच 'इ'वर. हा बहुव्रीही, इंद्र ज्याला मारणारा आहे तो. अक्षरं तीच, क्रम तोच. पाणिनीचं सूत्र आहे, 'बहुव्रीहौ प्रकृत्या पूर्वपदम्' (६.२.१): बहुव्रीहीत पहिलं पद आपला मूळचा स्वर सोडत नाही. त्वष्ट्याच्या तोंडून हा दुसरा उच्चार निघाला, आणि अग्नीने जे ऐकलं तेच केलं.

पाणिनीच्या व्याकरणावर पतंजलीने लिहिलेल्या महाभाष्यात, पहिल्याच आह्निकात (प्रकरणात), हा दाखला दिलाय. व्याकरण का शिकायचं, याची प्रयोजनं सांगताना. स्वर चुकलेला शब्द वाग्वज्र, म्हणजे वाणीचं वज्र, होतो आणि यजमानालाच, यज्ञ करणाऱ्यालाच मारतो, असं तिथे म्हटलंय. हा दाखला बहुतेक वेळा धाक घालायला वापरतात: बघ, नीट म्हटलं नाहीस तर काय होतं! मला तो तसा सांगवत नाही.

मला त्या बापाचा आवाज ऐकू येतो. 'उच्चैरुदात्तः' हेही पाणिनीचंच. उदात्त म्हणजे वर चढलेला सूर. ज्याने आपला मुलगा मारला आणि वर आपल्याच यज्ञात घुसून सोम प्यायला, त्याचं नाव घेताना आवाज कुठे चढेल? पहिल्याच अक्षरावर. संतापाने, दुःखाने. बरोबर उच्चारासाठी त्याला 'इन्द्र' खालच्या सुरात, सावकाश म्हणून शेवटपर्यंत धीर धरावा लागला असता. ग्रंथात हे कारण दिलेलं नाही, माझ्या मनाने लावलेलं आहे. पण अज्ञानाने स्वर चुकला, हे मला पटत नाही. त्वष्टा देवांचा कारागीर, इंद्राचं वज्रही त्यानेच घडवलेलं. त्याला एवढंसं व्याकरण येत नसेल?

आपल्याकडे याच्या अगदी उलट गोष्टही आहे. वाल्या 'मरा मरा' म्हणत राहिला आणि त्याचा राम झाला. 'भावग्राही जनार्दनः' म्हणणाऱ्यांना 'विष्णवे'ऐवजी चुकीचं 'विष्णाय'ही चालतं. तिथे बोलणाऱ्याचं मन ऐकलं जातं, यज्ञात फक्त शब्द. मी वाल्याच्या बाजूची आहे, तरी त्वष्ट्याची गोष्ट मला जास्त खरी वाटते. भांडणात बोलून गेलेल्या वाक्यामागचं मन कोण बघतं?

मागे वर्गातली एक मुलगी म्हणाली, "मॅडम, पण त्याने समास केलाच कशाला?" मला भरून आलं, कारण शतपथ ब्राह्मण या वैदिक ग्रंथात नेमकं हेच आहे: तो 'इन्द्रस्य शत्रुः' असं सोडवून म्हणाला असता, तर वृत्रानेच इंद्राला मारलं असतं. तो उतारा मी त्याच तासाला तिच्या वहीत लिहून दिला. आता विग्रह शिकवताना सुरुवात तिथूनच करते.