मुलाला या कामात घालू का, असं तुम्ही विचारलंत म्हणून

"मॅडम, सोसायटी मॅनेजर ही काय नोकरी असते का हो?" लग्नकार्यात, लोकलमध्ये, एकदा तर ऑडिटरच्या ऑफिसातही मला हे विचारलं गेलंय. हल्ली त्याला जोडूनच दुसरा प्रश्न येतो, "आमचा मुलगा बी.कॉम. झालाय, त्याला यात घालू का?" बावीस वर्षं मी डोंबिवलीत हे काम करतेय आणि बावीस वर्षं हसून वेळ मारून नेलीय. आता नीटच सांगते.

मेंटेनन्सची बिलं, टँकर, लिफ्टवाला, वॉचमनची रजा हे तुम्हाला दिसतं, ते सोडून देते. न दिसणारं सांगते. बिल कमी करा म्हणून दर सभेत आरडाओरडा होतो आणि पहिली कुऱ्हाड पडते ती दुरुस्ती निधीवर. बांधकाम खर्चाच्या वर्षाला किमान 0.75 टक्के दुरुस्ती निधी आणि 0.25 टक्के सिंकिंग फंड, म्हणजे पुढच्या मोठ्या बांधकामासाठीची राखीव पुंजी, घ्यायचा असतो. दहा वर्षं तो घेतला नाही आणि मग पिलरच्या सळ्या उघड्या पडल्या, की सगळे मला विचारतात, पैसे कुठे आहेत? फ्लॅट भाड्यानं दिलेल्या सभासदाकडून नॉन-ऑक्युपन्सी चार्जेस सेवाशुल्काच्या 10 टक्क्यांहून जास्त घेता येत नाहीत. थकबाकीवर 21 टक्क्यांहून जास्त व्याज लावता येत नाही. रागावलेल्या कमिटीसमोर उभं राहून "हे करता येणार नाही" म्हणणं, हेसुद्धा माझंच काम. कमिटी दर पाच वर्षांनी बदलते, कपाटाच्या किल्ल्या माझ्याकडेच असतात. सभासदांची नोंदवही म्हणजे आय रजिस्टर, त्यांची यादी म्हणजे जे फॉर्म, सभांची मिनिट्स, कोणाच्या घराचा कोणता कागद कुठे आहे, हे मला पाठ आहे. सहकार खात्याची जी.डी.सी. अँड ए., म्हणजे सहकार आणि हिशेबाच्या डिप्लोमाची परीक्षा मी उगाच नाही दिली. त्यामुळे "बाई बिलं वाटते" असं कोणी म्हटलं की मला लागतं.

पैसे? खरं सांगते, एका सोसायटीत भागत नाही. मी चार बघते. पीएफ नाही, रविवार माझा नाही, कारण सभा रविवारी असतात. घरांच्याच क्षेत्रात राहायचं तर मुलाला दुसऱ्याही वाटा आहेत. घरांच्या एजंटांना 2023 पासून महारेराची, म्हणजे राज्याच्या बांधकाम नियामकाची, परीक्षा पास व्हावी लागते, वकिलाकडे टायटल सर्चचं, म्हणजे मालकीचे जुने कागद तपासायचं, काम मिळतं, आणि जुन्या इमारती पुनर्विकासाला निघाल्यात तिथे कागदपत्रं जाणणारी माणसं लागतातच. त्याचा कल बघा.

पण तुम्ही मला विचारलंत, म्हणून काकांबद्दल सांगायला हवं.

2011 चा जुलै. शनिवार, रात्रीचे आठ. जिन्याखालच्या ऑफिसात मी कपाटाला कुलूप लावत होते. घरी मुलगा तापानं फणफणला होता. दुसऱ्या मजल्यावरचे काका नॉमिनेशनचा फॉर्म घेऊन आले, म्हणजे आपल्यामागे सोसायटीतला आपला हिस्सा कोणाच्या नावे करायचा ते लिहून देण्याचा. तिन्ही प्रती भरलेल्या, अक्षर सुंदर. त्यांचं जुनं नॉमिनेशन 1992 चं, धाकट्या भावाच्या नावानं. तेव्हा त्यांचं लग्न व्हायचं होतं. पीएफमध्ये लग्न झालं की आधीचं नॉमिनेशन रद्द होतं, तसंच सोसायटीतही असेल अशी त्यांची समजूत होती. इथे तसं नसतं, हे मीच त्यांना महिन्यापूर्वी सांगितलं होतं. आता बायको आणि दहावीतली मुलगी, दोघींची नावं त्यांनी घातली होती.

मी फॉर्म उलटून पाहिला. "काका, साक्षीदारांच्या सह्या नाहीत. दोन लागतात. सोमवारी आणा."

"बरं मॅडम." त्यांनी कागदांची घडी घातली, शर्टाच्या खिशात ठेवली आणि गेले.

वॉचमन फाटकाशी बसला होता. खजिनदार वरच राहायचे. हाक मारली असती तर पाच मिनिटांत दोन सह्या झाल्या असत्या. मला ते सुचलं नाही, असं मी बरीच वर्षं सांगत आले. सुचलं होतं. मला घरी जायचं होतं.

सोमवारी काका आले नाहीत. पुढच्या आठवड्यात ऑफिसला जाताना प्लॅटफॉर्मवरच त्यांना हार्ट अटॅक आला.

दोन महिन्यांनी काकांचा भाऊ अर्ज आणि मृत्यूचा दाखला घेऊन आला. रजिस्टरमध्ये त्याचंच नाव होतं. कमिटीनं ठराव केला आणि शेअर सर्टिफिकेटच्या मागे त्याचं नाव लिहिलं ते मी, माझ्या हातानं. नंतर काकू आल्या. त्यांच्या हातात तीच घडी होती. धुवायला टाकताना शर्टाच्या खिशात सापडलेली.

"ताई, यावर ह्यांची सही आहे. हे चालेल का?"

मी म्हटलं, "साक्षीदार नाहीत ना, काकू." मग मी त्यांना समजावून सांगितलं, की नॉमिनी मालक होत नाही, तो वारसांच्या वतीनं सांभाळणारा असतो, तुमचा हक्क बुडत नाही, वकील गाठा. त्यातला शब्द न् शब्द खरा होता. त्या ऐकत होत्या आणि कागदावरून अंगठा फिरवत होत्या.

चार वर्षं दोघी त्या घरात टांगत्या तलवारीखाली राहिल्या. मुलीचं इंजिनिअरिंगचं स्वप्न त्यात गेलं. शेवटी दिराला पैसे देऊन तडजोड झाली, ते पैसे दागिने मोडून आले.

तेव्हाची मी आजही माझ्याशी भांडते. अपुरा फॉर्म घेतला असता तर भावानं तुलाच कोर्टात खेचलं असतं, ती म्हणते. शिवाय फॉर्म घेतला असता तरी नोंद कमिटीच्या पुढच्या सभेत व्हायची, ती महिनाअखेरीला होती. काका त्याआधीच गेले. मग त्या दोन सह्यांनी काय झालं असतं? याचं उत्तर मला एका वकिलानं हो दिलं, दुसऱ्यानं नाही दिलं. तिचं म्हणणं मला खोडता येत नाही आणि पटतही नाही. सह्या असत्या तर काकूंच्या हातातला तो कागद निदान पुरा असता.

2019 साली कायदा बदलला. आता नॉमिनीला तात्पुरता सभासद करतात, वारस ठरेपर्यंत. ते वाचलं त्या दिवशी मी जेवले नाही.

काकू अजून तिथेच राहतात. महिन्याच्या पाच तारखेच्या आत चेक देतात, "कशा आहात ताई" विचारतात. त्यांनी मला कधी बोल लावला नाही. लावला असता तर बरं झालं असतं, असं मला वाटतं, आणि हे वाटणंही स्वार्थीच आहे.

तर मुलाला यात घालू का? मला हो म्हणावंसं वाटतं, कारण चांगल्या माणसांची इथे फार गरज आहे. नाही म्हणावंसं वाटतं, कारण तुमचा मुलगा मला आवडतो. तुम्ही असं करा, त्याला येत्या शनिवारी पाठवा. रात्री आठला. मी ऑफिसातच असते, हल्ली आठला कुलूप लावत नाही.