किनरा आवाज

मस्कतहून चिपळूणला आलेल्या ९ कॅसेट आणि रबराने बांधलेले एरोग्राम (परदेशाहून येणारी घडीची टपालपत्रं) टेबलावर ठेवत मुलगा म्हणाला, "बाबांचा आवाज असा किनरा नव्हता हो. की मलाच आठवत नाही?"

जुन्या कॅसेट संगणकावर उतरवून देणं हे माझं काम. आणलेली कॅसेट लगेच लावून बघायची नाही. आधी खालच्या खिडकीतून नमद्याची गादी पाहायची. जुना डिंक वाळून ती गळलेली असते. गादी नसली की टेप ती वाचणाऱ्या हेडला टेकत नाही, आवाज गुदमरतो. नऊपैकी चारांची गेली होती. पाच स्क्रूंची खोळ उघडून रिळं नव्या खोळीत बसवली, टेप एकदा पुढे-मागे पूर्ण गुंडाळली, हेड आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसलं. मग हेडशेजारचा स्क्रू केसभर फिरवत राहिलो, 'स' आणि 'श' धारदार होईपर्यंत. डॉल्बी, म्हणजे खरखर कमी करणारी सोय, बंद. मूळ नोंद २४ बिट, ९६ किलोहर्ट्झमध्ये, म्हणजे बारीकसारीक तपशिलासकट घेतली. तिला पुन्हा हात लावायचा नाही.

किनरेपणाचं कारण सातव्या कॅसेटच्या ब बाजूला सापडलं. रेकॉर्डर सेलवर चालला होता. सेल उतरले की आवाज भरताना टेप हळू सरकते, मग नीट वेगाने वाजवली की आवाज चढतो. मागे एसीची घरघर होती. तिथली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ही गुणगुण तिच्या दुप्पट, १०० वर हवी. बाजूच्या सुरुवातीला ती १०१ होती, शेवटी १०८. प्रतीवर वेग टप्प्याटप्प्याने उतरवला. खालचा, जरा घोगरा आवाज आला. मुलगा हेडफोन काढेचना.

कॅसेटींवर तारखा नव्हत्या, क्रम पत्रांवरून लावला. एरोग्रामवर टपालाचा शिक्का असतो, पण कात्रीने उघडताना कडेची ओळ बहुतेकदा कापली जाते. चिकटपट्टी पिवळी पडली असेल तर ओढू नये, शाई सोबत निघते. आहे तशीच स्कॅन केली.

पत्रांतले वडील म्हणजे निव्वळ हिशेब: ड्राफ्ट पाठवला आहे, पावसाआधी घर शाकारून घेणे, फी भरणे. टेपवर मात्र दर थोड्या वेळाने बटणाचा 'टक्' येतो. "बाळा..." टक्. "बाळा, मी इथे..." टक्. त्या एका बाजूला मी सतरा मोजले. असे टक् आणि मधली शांतता आम्ही एरवी काढून टाकतो. इथे मुलाने नको म्हटलं.

ती कॅसेट ज्या आठवड्यात बसली, त्याच आठवड्याच्या शिक्क्याचं पत्र होतं: "कॅसेट पाठवीत आहे. विशेष काही बोललो नाही."